डावीकडचं रोप

मित्रांनो, मी एक जुनं, वाळलेलं, कागदाला डिंकानं चिकटवलेलं रोप आहे. माझी उंची एक वीत. वय विचाराल तर जरा अडचण आहे. मी जगले चार महिने, आणि त्यानंतर सव्वीस वर्षं या कागदावर आहे. यातलं कोणतं वय धरायचं ते तुम्हीच ठरवा.

या कागदावर आम्ही दोघं आहोत. कागद समोर धरलात तर डावीकडचं ते मी. उजवीकडचं म्हणजे माझा शेजारी. हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढे जे झालं ते या डाव्या-उजव्यामुळेच झालं.

माझ्या सांगण्यात रडणं-हसणं सापडलं नाही तर रागावू नका. रोपाला जे काही जाणवतं ते पाण्यातून जाणवतं. माझ्यातलं पाणी आठ दिवसांत टिपकागदांनी शोषून घेतलं. तेव्हापासून मला दिसतं सगळं, ऐकूही येतं, पण होत काही नाही.

मी उगवले एका पंपघराच्या मागे. भिंत आणि तारेचं कुंपण यांच्यामध्ये दोन पावलं रुंद अशी खडीची पट्टी होती. भिंतीतून एक पाइप बाहेर आला होता आणि तो गळायचा. दुरुस्त करायला माणसं यायची, पाना फिरवायची, "झालं" म्हणायची आणि जायची. पाइप पुन्हा गळायचा. त्या गळतीवर आमची वस्ती होती.

आम्ही वर्षायू. म्हणजे रुजणं, पान, फूल, फळ आणि मरण, सगळं एका हंगामात उरकायचं. आमच्यात 'पुढच्या वर्षी बघू' असं कुणी म्हणत नाही.

माझं खोड चौकोनी आहे. बोटांत धरून फिरवलंत तर चार कडा लागतील. पानं समोरासमोर, जोडीजोडीनं, देठ नसलेली. पान उलटं केलंत तर खाली काळे बारीक ठिपके दिसतील, कुणीतरी पेन झटकल्यासारखे. पानाच्या बगलेत एकेक फूल, दोऱ्याएवढ्या देठावर. फूल निळं, नखाएवढं, पाच पाकळ्यांचं, मधल्या पुंकेसरांवर जांभळी लव. ऊन असलं की ते उघडायचं आणि ढग आले की मिटायचं. फळ म्हणजे वाटाण्याहून लहान, गोल डबी. पिकली की तिच्या पोटाला सगळीकडून चीर जाते, वरचा अर्धा भाग झाकणासारखा सुटतो आणि बी सांडतं. असं झाकणाचं फळ फार थोड्या रोपांना असतं. जिवंत होते तेव्हा मला त्याचा अभिमान होता.

पण यातलं सगळं माझ्या शेजाऱ्याकडेही होतं. खोड, ठिपके, झाकण, सगळं. त्याची जात रस्तोरस्ती उगवते. बहुतेक ठिकाणी तिची फुलं शेंदरी असतात, पण आमच्या पट्टीत ती निळीच यायची.

मग फरक कुठे? पाकळीच्या कडेला. तिथे केस असतात, नुसत्या डोळ्यांना न दिसणारे. शेजाऱ्याच्या पाकळीवर ते दाट असतात, एक केस तीन पेशींचा आणि टोकाची पेशी गोल. माझ्या पाकळीवर केस विरळ, एक केस चार पेशींचा, टोकाची पेशी लांबट. शिवाय त्याच्या पाकळ्या एकमेकींवर चढतात, माझ्या दोन पाकळ्यांत फट राहते. त्याच्या फळाचा देठ पानापेक्षा लांब, माझा आखूड. संपलं. मुख्य फरक एका पेशीचा. पण त्या एका पेशीमुळे तो सगळीकडचा, आणि मी त्या सगळ्या भागात फक्त त्या दोन पावलांच्या पट्टीतली.

हे ओळखलं मावशीनं. मावशी म्हणजे तिच्या भाचीची मावशी, ती भाची पुढे येईलच, पण आता मी असते तिथे सगळेच तिला तसं म्हणतात. ती पाणीखात्याच्या प्रयोगशाळेत पाणी तपासायची. आठवड्यातून दोनदा पंपघरावर येऊन बाटल्या भरून न्यायची. रोपं गोळा करणं हे तिचं नोकरीबाहेरचं वेड होतं. एका सोमवारी, लख्ख उन्हात, ती माझ्याजवळ उकिडवी बसली. खिशातून चिमटा काढून तिनं माझ्या तिसऱ्या पेरावरचं फूल तोडलं आणि औषधाच्या रिकाम्या बाटलीत घालून नेलं. पाण्यातलं शेवाळ बघायला प्रयोगशाळेत सूक्ष्मदर्शक होताच. त्याखाली तिनं माझी पाकळी ठेवली आणि पेशी मोजल्या. चार. रात्री झोप आली नाही, असं तिनं वहीत लिहिलं आहे.

गुरुवारी ती परत आली. पंपघराचे साहेब पट्टीवर उभे राहून फीत धरून मोजमाप करत होते.

"काय शोधता हो ताई सारखं? कानातलं पडलं का?"

"रोप बघतेय, साहेब."

"बघून घ्या. पुढच्या महिन्यात इथे सिमेंट. गाड्यांना जागा पुरत नाही."

"हे इकडे दुसरीकडे कुठेच सापडलेलं नाही. जरा थांबता येईल?"

साहेबांनी आमच्याकडे पाहिलं. त्यांच्या चेहऱ्यावरून कळत होतं की त्यांना हिरवं एवढंच दिसतंय. पण माणूस वाईट नव्हता.

"मला काय हो, गाड्या पलीकडेही लागतील. पण वरून विचारलं तर कागद लागतो. हर्बेरियमच्या मोठ्या सरांची सही आणा. सही आणलीत तर कुंपण घालून देतो, वर पाटीसुद्धा लावतो. नाही आणलीत तर मग गवत ते गवत."

त्या दिवशी आभाळ भरून आलं होतं. आमची सगळ्यांची फुलं मिटलेली होती. मिटलेल्या फुलात पाकळ्यांची फट दिसत नाही, आणि एखाददुसरं सोडलं तर फळं अजून कोवळी असल्यामुळे देठांचा फरकही डोळ्यांत भरण्यासारखा नव्हता. मावशीला घाई होती. भरलेल्या बाटल्या ठरलेल्या वेळात प्रयोगशाळेत पोहोचवाव्या लागतात, नाहीतर नमुना बाद होतो. तिनं तिसऱ्या पेरावरचं तुटकं देठ शोधलं, मला ओळखलं आणि मुळाशी हात घातला. शेजारी मला चिकटून वाढला होता. मुळं एकमेकांत अडकलेली होती. तिनं एकच मूठ केली आणि उपटलं.

एवढीच चूक. ती तिथे झाली.

मग टिपकागद, दोन लाकडी फळ्या, आवळलेले पट्टे. पहिल्या दिवशी दुखलं. तिसऱ्या दिवशी थोडं. सहाव्या दिवशी टिपकागद बदलताना मावशीनं माझं एक पान सरळ केलं, ते मला दिसलं पण लागलं नाही.

हर्बेरियम म्हणजे वाळलेल्या रोपांचं ग्रंथालय समजा. लांब खोली, दोन्ही बाजूंना लोखंडी कपाटं, आणि डांबरगोळ्यांचा वास. तिथे एका टेबलावर डिंकवाले काका बसतात. दिवसभर रोपं कागदावर चिकटवणं हे त्यांचं काम. त्यांनी आम्हाला शेजारीशेजारी मांडलं, मुळं सोडवताना जीभ बाहेर काढली, पट्ट्या लावल्या. वाळून गळून पडलेल्या दोन-चार फळांची कागदी पुडी करून कोपऱ्यात चिकटवली. खाली मावशीची चिठ्ठी लावली, एक नंबर घातला. इथली पद्धत अशी की एका वेळी, एका जागी गोळा केलेल्या एका जातीला एक नंबर. कागदावर दोन काड्या असोत की पाच, नंबर एक असेल तर जात एक.

सर आले ते सूक्ष्मदर्शकासमोर बसले. सरांना कुणी उलट बोलत नसे, कारण सर क्वचितच चुकत. त्यांनी कागद पुढ्यात ओढला. चिमटा उजव्या हातात होता. उजव्या हाताला जवळ होता शेजारी, आणि त्याच्यावर फुलंही जास्त होती. त्यांनी त्याची एक पाकळी काढली, कोमट पाण्यात भिजवली, काचेवर पसरली.

तीन पेशी. टोक गोल.

सरांनी चिठ्ठी लिहिली: 'नेहमीचीच जात, निळ्या फुलांचा प्रकार. गोळा करणाऱ्याची ओळख चुकीची.' सही केली, तारीख घातली. काकांनी ती डिंकानं मावशीच्या चिठ्ठीखाली लावली.

मी तिथेच होते. चार बोटांवर. माझ्या पाकळ्यांत चार पेशींचे केस होते आणि मी ओरडू शकत नव्हते. खरं सांगायचं तर ओरडावंसंही वाटलं नाही.

मावशी आली तेव्हा सरांनी काच अजून ठेवली होती. "बघा, तुम्हीच मोजा," ते म्हणाले. आवाजात कुचकेपणा नव्हता, आणि तेच वाईट. मावशीनं डोळा लावला. बराच वेळ लावून ठेवला.

"किती?"

"तीन."

"होतं असं. नवीन काही सापडावं असं मनात असलं की एखादी पेशी जास्त दिसते. मलाही तरुणपणी दिसायची."

"हो सर," ती म्हणाली.

ती भांडली नाही. स्वतःच्या डोळ्यांनी तीन मोजल्यावर भांडणार कशावर? पुढच्या महिन्यात पट्टीवर सिमेंट पडलं. पाइप मात्र त्याच वेळी नीट दुरुस्त झाला. मावशी सोमवारी आणि गुरुवारी त्या सिमेंटवरून चालत जाऊन बाटल्या भरत राहिली. तिनं पुन्हा कोणतंही रोप वाकून पाहिलं नाही. फळ्या, पट्टे, चिमटा एका खोक्यात घालून बहिणीच्या घरी दिलं. "मुलीला खेळायला होईल," म्हणाली.

मित्रांनो, कपाटातल्या वर्षांविषयी सांगण्यासारखं काही नाही. दार वर्षातून एकदा उघडायचं. डांबरगोळ्या बदलायचे. माझा निळा रंग आधी जांभळट झाला, मग तपकिरी. शेजाऱ्याचाही तसाच. मोठे सर निवृत्त झाले, नंतर वारले. काकांचे केस पांढरे झाले. मला यातल्या कशाचंही काही वाटलं नाही.

मग एके दिवशी दार उघडलं आणि भाची आली.

ती खोकं घेऊन खेळलेली मुलगी. आता विज्ञानाची पदवी घेऊन इथे नोकरीला लागली होती. काम म्हणजे प्रत्येक कागदाचा फोटो काढायचा, मोठा करून चिठ्ठीवरचं सगळं संगणकात उतरवायचं. दिवसाला साठ कागद. माझी चिठ्ठी वाचून ती थांबली.

"काका, हे माझ्या मावशीचं अक्षर आहे."

"असेल की. पूर्वी यायच्या त्या. मी चिकटवलंय हे, पट्टी बघ कशी बसलीये. आजकालच्या पट्ट्या म्हणजे मलमपट्ट्या."

"खाली सरांनी 'चुकीची' लिहिलंय."

"मग तसंच उतरव आणि पुढचा कागद घे. साठ व्हायचेत. अजून एकवीसच झालेत, आणि तुझा डबा मात्र संपलाय."

पण तिनं फोटो मोठा केला, पडद्यावर हातभर होईपर्यंत. आणि बघत बसली. तिला तिची मावशी वाकून काही बघताना कधीच आठवत नव्हती, असं ती नंतर काकांना म्हणाली. त्या चिठ्ठीवर मात्र मावशी वाकलेली होती. अक्षरसुद्धा घाईचं, आनंदाचं.

"काका, इकडे या. या रोपाचे देठ बघा. पानापेक्षा आखूड."

"बरं."

"आता हे उजवीकडचं."

काकांनी चष्मा कपाळावर नेला, परत नाकावर आणला. "लांब आहेत."

"एकाच जातीत असं असतं?"

"मला काय विचारतेस? मी डिंकवाला. दोन काड्या आल्या, एक नंबर आला, लावल्या. पण मुळं सोडवायला मला अर्धा तास लागला होता, एवढं आठवतंय. गुंता होता नुसता."

भाचीनं प्रमुखांची परवानगी काढली आणि माझी एक पाकळी सोडवली. कोमट पाण्याचे थेंब तिच्यावर पडले आणि सव्वीस वर्षांनी ती फुगली, मऊ झाली. तिला तेव्हा काही वाटलं असेल का, ते मला सांगता येणार नाही. ती माझ्यापासून सुटली होती.

भाचीनं मोजलं. पुन्हा मोजलं. दुसरा केस, तिसरा केस. मग फोन लावला.

"मावशी, बसलीयेस ना? ... नाही गं, कुणाला काही झालेलं नाही. आई बरी आहे. ... अगं तुझी जुनी वही आहे का? पंपघराची. ... शोध ना. जेवण नंतर कर. ... तिसऱ्या पेरावरचं? असंच लिहिलंय? नक्की?"

तिनं माझ्याकडे पाहिलं. माझ्या तिसऱ्या पेरावर चिमट्यानं तोडलेलं देठ होतं, वाळलेलं, टोकाशी सरळ कापलेलं. शेजाऱ्याच्या तिसऱ्या पेरावर फळ होतं.

दुसऱ्या दिवशी मावशी आली. माझ्या आठवणीतली मावशी उकिडवी बसायची. ही खुर्चीचा हात धरून बसली. तिनं आधी एका काचेला डोळा लावला.

"चार."

मग दुसऱ्या, शेजाऱ्याच्या पाकळीच्या काचेला.

"तीन."

काका चहा घेऊन आले आणि कागदांपासून लांब, स्टुलावर ठेवला.

"सरांनी उजवीकडचं पाहिलं, मावशी," भाची म्हणाली. "फक्त उजवीकडचं. डावीकडे बघायला काय झालं होतं त्यांना? आणि तुला म्हणाले, पेशी जास्त दिसते!"

"सरांनी नंबर पाहिला. एका नंबरला एक जात. दोन जातींना एक नंबर दिला तो मी."

"पण तू बरोबर होतीस!"

"बघितलं बरोबर," मावशी म्हणाली. "उपटलं चुकीचं."

"आणि ती जागा गेली त्याचं काय?"

मावशीनं कागद आपल्याकडे ओढला. जागेवर आता गाड्या उभ्या असतात, हे दोघींनाही माहीत होतं.

काकांना शांतता सोसत नाही. ते म्हणाले, "रडायचं असेल तर रडून घ्या बाई. आपलीच माणसं आहेत. फक्त कागदावर पाणी पडू देऊ नका."

"नाही येत हो," मावशी म्हणाली. तिलाच त्याचं नवल वाटलं असावं. "काल फोन आल्यापासून वाट बघतेय. काहीच येत नाही."

त्या खोलीत तिचं बोलणं मला जितकं कळलं तितकं दुसऱ्या कुणाला कळलं नसेल.

इथे एक नियम आहे. लावलेली चिठ्ठी कधी काढायची नाही. चूक असो, बरोबर असो, नवी चिठ्ठी खाली लावायची. भाचीनं कोरी चिठ्ठी मावशीपुढे ठेवली. तिला वाटलं होतं मावशी सरांविषयी काहीतरी लिहील. मावशीनं लिहिलं: 'एका कागदावर दोन जाती. डावीकडचं रोप वेगळं, केस चार पेशींचे. उजवीकडचं नेहमीचं. गोळा करताना माझ्या हातून एकत्र झाली.' सही केली, तारीख घातली. काकांनी डिंक लावला आणि अंगठ्यानं नेहमीपेक्षा जास्त वेळ दाबून धरलं.

मग भाचीनं कोपऱ्यातल्या पुडीला हात घातला. "यात बी आहे, मावशी. पेरून बघूया?"

"त्यात कुठलं बी कुणाचं, काय कळणार? पुन्हा मूठभर नको."

मावशीनं भिंग घेतलं आणि माझ्यावर वाकली. हो, वाकली. माझ्या पाचव्या पेरावर एक डबी होती. फळ्यांच्या दाबाखालीही ती तुटली नव्हती, आणि वाळताना तिचं झाकण बंदच राहिलं होतं. ती माझ्याच देठावर होती, त्यामुळे ती माझीच. मावशीनं चिमट्याचं टोक लावलं आणि झाकण सुटलं. आत चौदा बिया होत्या, तपकिरी, तिकोनी, खडबडीत.

ही झाली सहा आठवड्यांपूर्वीची गोष्ट. मावशीनं घरच्या खिडकीत चौदा कागदी कप मांडले, प्रत्येकात एक बी, प्रत्येक कपावर नंबर. रोज सकाळी ड्रॉपरनं पाणी घालते, तेही आधी तपासून. भाची इथे येऊन काकांना बातमी देते. बातमी रोज एकच असायची.

"काय गं, उगवलं का?"

"नाही."

"सव्वीस वर्षं डांबरगोळ्या खाल्ल्यात त्यांनी. मी असतो तर मीही उगवलो नसतो."

परवा ती आली ती पिशवी न ठेवताच म्हणाली, "अकरा नंबर." काका डिंकाचा ब्रश हातात धरून उभे राहिले. ब्रशवरून एक थेंब टेबलावर पडला आणि त्यांनी तो पुसला नाही.

"मावशी काय म्हणाली?"

"काही नाही. मला फोन लावला आणि नुसती नाक ओढत होती. मग म्हणाली, कपात खारं पाणी पडायला नको, म्हणून लांब उभी आहे."

तेरा कपांत अजून नुसती माती आहे. अकराव्यात दोन पानं आहेत, तांदळाच्या दाण्याएवढी. खाली काळे ठिपके अजून दिसत नाहीत. फूल यायला दोन महिने लागतील, आणि ते एक फूल असेल, एका खिडकीत, जमिनीत नाही. मला यानं काही वाटलं का? नाही वाटलं. माझ्यात पाणी नाही, हे मी सुरुवातीलाच सांगितलं होतं.

मित्रांनो, तुमच्या वाटेवरही दोन पावलांच्या पट्ट्या असतील. वाकून बघा. एकासारखं एक दिसणारं दोन वेळा बघा, ऊन असताना बघा, आणि घाई असेल त्या दिवशी उपटू नका. आणि जे बघाल ते तिथल्या तिथे लिहून ठेवा, चुकलात तर तेही. माझ्या कागदावर तीन चिठ्ठ्या आहेत. तिन्ही राहू देत.

आम्ही वर्षायू आहोत. अकरा नंबर या हंगामात फुलेल आणि मरेल. पुढच्या वर्षी बी कुणी पेरलं तरच पुढे काही आहे. त्याच्या कपात उद्या सकाळी पाणी घालायचं आहे. ते काम माझ्या हातून होण्यासारखं नाही.